इमिगोंगो: रवांडातली शेणाच्या उठावाची चित्रं घरी कशी करायची

किन्यारवांडा भाषेत 'उमुगोंगो' म्हणजे पाठ. 'इमिगोंगो' हे त्याचं अनेकवचन. रवांडाच्या पूर्व भागात शेणाचे उंच कणे, म्हणजे पाठीच्या कण्यासारख्या उठावाच्या रेघा, काढून त्यांवर काळा, पांढरा आणि तांबडा रंग देतात, त्या कलेला हेच नाव आहे. नवखा माणूस या चित्रांचे रंग बघतो, पण त्यांचा जीव कण्यात असतो. कणा धारदार आणि सगळीकडे सारख्या उंचीचा आला, तर दोन रंगांतही चित्र भिंतीवरून पुढे येतं. कणा बसका आला तर कितीही निगुतीने रंगवा, ते सपाटच दिसतं. म्हणून या लेखात रंगापेक्षा शेण मळण्यावर आणि वाळवण्यावर जास्त लिहिलं आहे.

शेण आपल्याला नवं नाही. सारवलेलं अंगण, गोवऱ्या, शेणामातीच्या भिंतीवर तांदळाच्या पिठाने काढलेली वारली चित्रं हे सगळं घरचंच आहे. मात्र इथे सारवणाची सवय आड येते. सारवताना शेण पाण्यात कालवून पसरायचं असतं. इमिगोंगोत पाणी जवळजवळ घालायचंच नसतं आणि शेण उभं राहायला हवं असतं. लाकडी फळीवर केलेलं पहिलं चित्र बिघडतं ते बहुतेक वेळा इथेच.

कला कुठली आणि कुणाची

रवांडा 26,338 चौरस किलोमीटरचा, डोंगरांनी भरलेला देश आहे. महाराष्ट्राचा साधारण बारावा हिस्सा. त्याच्या पूर्वेला, आजच्या टांझानियाच्या सीमेलगत, पूर्वी गिसाका नावाचं वेगळं राज्य होतं. परंपरा सांगते की गिसाकाचा राजा किमेन्यी याच्या मुलाने, काकिराने, घराच्या आतल्या भिंती शेणाच्या नक्षीने आणि मातीच्या रंगांनी सजवायला सुरुवात केली. काळ अठराव्या शतकाचा सांगतात. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यात रवांडाच्या राजांनी गिसाका जिंकून घेतलं. राज्य गेलं, पण भिंतींवरची नक्षी तिथल्या बायकांच्या हातात राहिली.

ही नक्षी घराच्या आतली, हे लक्षात ठेवण्यासारखं आहे. गवताने शाकारलेल्या गोल घराच्या अंधाऱ्या आतल्या बाजूला दारातून तिरपा उजेड येतो आणि कण्यांच्या सावल्या पडतात. चित्र त्या उजेडासाठी आहे. घरी फळी टांगतानाही समोरून झगझगीत दिवा न लावता एका बाजूने उजेड येईल अशी भिंत निवडावी.

शेणच का, याचं उत्तर रवांडाच्या गायीत आहे. लांब, कमानदार शिंगांच्या 'इन्यांबो' गायी राजदरबाराचं वैभव होत्या. लग्न ठरताना गाय दिली जाते, मैत्री पक्की करायला गाय दिली जाते. जुन्या पद्धतीच्या नमस्कारात एक जण 'अमाशो' म्हणतो, म्हणजे तुझे कळप वाढोत. दुसरा 'अमाशोंगोरे' म्हणून गायींच्या कळपांची शुभेच्छा परत देतो. 2006 साली सरकारने गरीब कुटुंबांना गाय देण्याची योजना सुरू केली, तिचं नावही 'गिरिन्का' आहे, म्हणजे 'तुला गाय असो'. अशा समाजात शेणाला, तिथल्या भाषेत 'अमासे'ला, कुणी घाण मानत नाही.

1994 च्या एप्रिल ते जुलै या सुमारे शंभर दिवसांत तुत्सी या समाजगटाचा वंशसंहार झाला. आठ लाखांहून अधिक माणसं मारली गेली. पूर्व भागातली किती तरी घरं आणि घरांबरोबर हाताची ही विद्याही नाहीशी झाली. पुढे किरेहे जिल्ह्यातल्या न्याकारांबी परिसरात बायकांनी, त्यांत कित्येक विधवा, सहकारी संस्था काढून ही कला पुन्हा उभी केली. तिथल्या एका संस्थेला काकिराचंच नाव आहे. भिंतीवरची नक्षी लाकडी फळीवर आली ती विकता आणि नेता यावी म्हणून. आज आपण जी पद्धत शिकतो ती या फळीची.

शेण आणि राख

30 × 30 सेंटिमीटरच्या एका फळीला साधारण दीड किलो ताजं शेण लागतं. गाय चाऱ्यावरची असावी. पेंड आणि खुराक जास्त खाणाऱ्या गाईचं शेण सैल पडतं आणि कणा धरत नाही. वासराचं शेण मिळालं तर उत्तम, त्याचा पोत बारीक असतो. शेण सकाळचं, त्याच दिवशीचं घ्या. वरचा साका धरलेला भाग काढून टाका. आतल्या काड्या आणि लांब गवत वेचून काढा, पण बारीक तंतू राहू द्या. वाळताना तेच शेणाला धरून ठेवतात. लांब काड्या मात्र कण्यातून केसासारख्या बाहेर येतात आणि घासताना कण्याचा तुकडा घेऊन निघतात.

चार वाट्या शेणाला एक वाटी लाकडाची राख घ्या. राख मैद्याच्या चाळणीतून चाळलेली असावी, दगडी कोळशाची नको. राखेमुळे तीन गोष्टी होतात. जादा ओल शोषली जाते, वास कमी होतो, आणि तिच्या क्षारामुळे किडे आणि बुरशी दूर राहतात. राख कमी पडली तर आठवडाभरात फळीवर पांढरट बुरशी दिसते. जास्त झाली तर कणा खडूसारखा ठिसूळ होऊन बोटाच्या धक्क्याने झडतो.

दहा मिनिटं तळहाताने दाबून मळा आणि ओल्या फडक्याखाली तासभर ठेवा. मग परीक्षा करा. बोटाएवढी जाड, दहा सेंटिमीटर लांब वळी करा आणि हलकेच इंग्रजी यू अक्षरासारखी वाकवा. वाकताना भेगा पडल्या तर मिश्रण कोरडं आहे, ओला हात फिरवून पुन्हा मळा. वळी आपल्याच वजनाने चपटी झाली तर ओलं आहे, आणखी मूठभर राख घाला. मूर्तीसाठी मळलेल्या शाडूइतकं घट्ट झालं की थांबा.

हाताला जखम, चीर असेल तर हे काम करू नका. ताज्या शेणात धनुर्वाताचे जंतू असू शकतात. रवांडातल्या बायका उघड्या हाताने करतात, कारण कण्याची जाडी बोटाच्या पेरालाच कळते. पातळ हातमोजे चालतील, जाड रबराचे नाहीत.

फळी आणि आखणी

12 मिलिमीटरचं प्लायवूड घ्या. 6 मिलिमीटरचं घेतलंत तर ओलं शेण एका बाजूने पडल्यावर ते पन्हाळीसारखं वाकतं आणि वाकताना कणे उडवतं. पुढची बाजू 60 नंबरच्या पॉलिश पेपरने आडवी-उभी खरवडून घ्या. गुळगुळीत लाकडाला शेण चिकटत नाही, वाळून आकसलं की पापडासारखं सुटतं. सनमायका लावलेली किंवा ऑइलपेंट दिलेली फळी कधीच वापरू नका.

खरवडलेल्या बाजूवर त्याच शेणाचा, किंचित पाणी घालून सैल केलेला, दोन मिलिमीटरचा थर द्या आणि एक दिवस सावलीत ठेवा. हे मात्र आपल्या सारवणासारखंच. मागच्या बाजूलाही एक पातळ हात दिला की दोन्हीकडून सारखा ताण येतो आणि फळी सरळ राहते.

आखणी कोळशाने करतात. मुरलेले हात थेट काढतात, पण सुरुवातीला पट्टी घ्यायला काहीच हरकत नाही. पहिल्यांदा गोलाकार भोवऱ्याच्या मागे लागू नका. तो दिसतो सोपा, पण वळणावर कण्याची बाहेरची बाजू ताणली जाऊन तडकते. सरळ रेघांचा नमुना असा आखा: चारही कडांचे मध्य जोडा, म्हणजे मधे एक तिरका चौकोन आणि कोपऱ्यांत चार त्रिकोण होतील. चौकोनात दोन-दोन सेंटिमीटर अंतर ठेवून एकात एक चौकोन काढत आत जा, बाहेरचा धरून पाच बसतात. प्रत्येक त्रिकोणात तिरक्या बाजूला समांतर अशा दोन-दोन सेंटिमीटरवर चार रेघा काढा. सगळ्या रेघा मिळून साडेचार मीटरच्या आसपास भरतात. एका बैठकीत तेवढंच नीट होतं.

कणा काढणं

आधी दिलेला थर, म्हणजे पाया, वाळलेला पण गार लागेल असा असताना त्यावर ओलं फडकं एकदा टेकवा. अगदी कोरड्या पायावर घातलेला कणा आपली ओल पायाला देतो, खालून आधी वाळतो आणि सुटतो.

मधल्या सगळ्यात लहान चौकोनापासून सुरुवात करून बाहेर या, म्हणजे तळहात केलेल्या कामावर टेकत नाही. करंगळीएवढी वळी रेघेवर ठेवा आणि आधी अंगठ्याने दोन्ही बाजूंनी पायाला दाबून चिकटवा. हे दाबणं राहून गेलं तर वरून छान दिसणारा कणा खाली पोकळ राहतो. मग अंगठा आणि तर्जनी यांच्या चिमटीत धरून वर ओढत पुढे सरका. तळाशी दीड सेंटिमीटर रुंद, वर निमुळता आणि सात-आठ मिलिमीटर उंच असा कणा हवा. यापेक्षा उंच केला तर वरचं टोक आधी वाळतं, तळ ओला राहतो आणि मधोमध लांब भेग जाते.

कोपरे हीच खरी कसोटी. दोन वळ्या टोकाला टोक लावून ठेवल्या तर वाळल्यावर तिथे हमखास फट पडते. एक वळी कोपऱ्याच्या पुढे अर्धा सेंटिमीटर जाऊ द्या, दुसरी तिच्यावर चढवा, दोन्ही ओल्या असतानाच मिसळा आणि मग चिमटीने धार काढा. चार-पाच कणे झाले की फळी डोळ्याच्या पातळीवर धरून बघा. उंच-सखल लगेच दिसतं आणि ओलं असताना दुरुस्तही होतं. बोटं चिकटायला लागली की पाण्याऐवजी राखेत बुडवा.

वाळवणं

सावली, वारा आणि धीर. उन्हात ठेवलं की वरची कातडी तासाभरात वाळते, आतली ओल अडकते आणि दुसऱ्या दिवशी जाळीसारख्या भेगा दिसतात. फळी आडवी ठेवा, पहिला दिवस वर सुती फडकं असू द्या, रोज एकदा दिशा बदला. कोरड्या हवेत तीन-चार दिवस, दमट हवेत आठवडा लागतो. वाळलं की रंग फिका होतो, नखाने टिचकी मारल्यावर टणक आवाज येतो आणि वास जवळजवळ जातो. वास येत असेल तर अजून ओल आहे.

हवामानाचा मेळ आपल्याकडे उलटा आहे. रवांडात जून ते ऑगस्ट कोरडा काळ आणि मार्च ते मे मोठा पाऊस. कोकणात किंवा गोव्यात जून ते सप्टेंबर हे काम हाती घेऊच नका, पंख्याखालीही बुरशी येते. नोव्हेंबर ते फेब्रुवारी सगळ्यात चांगले. विदर्भातल्या मे महिन्यात मात्र सावलीतही फार झपाट्याने वाळतं, तेव्हा फडकं दोन दिवस ठेवा.

केसाएवढ्या भेगा पडणारच. सैल शेण-राखेचं मिश्रण बोटाने भरून पुन्हा एक दिवस वाळवा. नखाएवढी रुंद भेग असेल तर भरत बसू नका. तेवढा कण्याचा तुकडा काढा, जागा ओली करा आणि नवा घाला.

पूर्ण वाळल्यावर घासायचं. आधी 80, मग 150 नंबरचा पॉलिश पेपर, नेहमी कण्याच्या दिशेने. आडवं घासलं तर धार जाते. नाकावर मास्क हवाच, ही धूळ बारीक असते आणि खोकला आणते. घासून झाल्यावर कोरड्या ब्रशने दऱ्यांमधली सगळी भुकटी झाडा. राहिली तर रंग तिलाच चिकटतो आणि तिच्याबरोबरच निघतो.

रंग

पांढरा रंग 'इंग्वा' या पांढऱ्या मातीचा, म्हणजे केओलिनचा. तांबडा तिथल्या लोहयुक्त मातीचा. काळ्याची कृती सगळ्यात मेहनतीची: केळीच्या सालींची जाळलेली भुकटी, 'इकाकारुबांबा' या कोरफडीच्या जातीचा चीक, आणि 'इंतोबो' या काटेरी झुडपाची फळं. इंतोबो आपल्या काटेरिंगणीच्याच कुळातलं, आणि फळ विषारी. घरी त्याच्या वाटेला जाऊ नका.

आपल्याकडे पांढऱ्यासाठी कुंभारकामाच्या दुकानातली चिनी माती आणि तांबड्यासाठी गेरू चालतो. चुना वापरू नका. तो हाताला चावतो आणि शेणावर पापुद्रे धरून गळतो. काळ्यासाठी केळीच्या साली कडक वाळवून झाकण असलेल्या डब्यात जाळा. उघड्यावर जाळल्यात तर पूर्ण जळून करडी राख होते आणि काळा येतच नाही. हवी असते ती कोळशाची भुकटी. ती वाटून कापडातून चाळा, कमी पडली तर काजळी मिसळा.

बांधणीला बाभळीचा डिंक. एक भाग डिंक तीन भाग पाण्यात रात्रभर भिजवून गाळा. तीन चमचे भुकटीला एक चमचा डिंकाचं पाणी आणि लागेल तसं साधं पाणी घालून ताकाइतकं पातळ करा. डिंक कमी असेल तर वाळलेला रंग बोटाला लागतो, जास्त असेल तर चकाकी येऊन सोलतो. आधी टाकाऊ तुकड्यावर बघा.

पांढरा सगळ्यात आधी, दोन हात. मग तांबडा, काळा शेवटी. काळ्याचा चुकलेला थेंब पांढऱ्यावरून पुसला जात नाही, पांढऱ्याचा ओघळ मात्र काळ्याखाली सहज झाकतो. वरच्या नमुन्यात एका आड एक कणे काळे आणि पांढरे करा, तांबडा मधल्या चौकोनापुरता ठेवा. दोन रंगांची सीमा कण्यांच्या मधल्या दरीत यावी, माथ्यावर नको. जुन्या कामांत करडा आणि पिवळसर मातकट रंगही दिसतो. आज तिथे बाजारातले तयार रंगही सर्रास वापरतात, निळा-हिरवाही असतो. त्यात वावगं काही नाही, पण पहिल्या फळीला तीनच रंग ठेवले तर कण्यातल्या चुका लपत नाहीत आणि हात लवकर सुधारतो.

तिथे जाऊन शिकायचं किंवा विकत घ्यायचं असेल तर

राजधानी किगालीहून टांझानियाच्या सीमेवरच्या रुसुमोकडे जाणाऱ्या रस्त्यावर न्याकारांबी लागतं. किगालीच्या हस्तकला बाजारातही फळ्या मिळतात. हातची फळी ओळखायला ती तिरपी धरून बघा: कण्याची उंची जरा जरा बदलते, कोपऱ्यांवर चिमटीच्या खुणा असतात, आणि कडेला रंग नसलेल्या जागी तंतू दिसतात. एकसारख्या दहा फळ्या, मागून गुळगुळीत पांढऱ्या, अशा दिसल्या तर त्या साच्यातल्या प्लास्टरच्या असण्याची शक्यता मोठी.

काम करणाऱ्यांचे फोटो विचारून काढा. हुतू आणि तुत्सी हे तिथले दोन मोठे समाजगट, पण कुणालाही 'तुम्ही हुतू की तुत्सी' असं विचारू नका. 1930 च्या दशकात बेल्जियन राजवटीने ओळखपत्रावर हा शिक्का आणला, 1994 मध्ये रस्त्यारस्त्यावरच्या नाक्यांवर तीच ओळखपत्रं बघून माणसं मारली गेली. नंतर ती नोंद काढून टाकण्यात आली. समोर बसून शेण मळणाऱ्या बाईने तेव्हा काय गमावलं हे तिने आपणहून सांगितलं तर ऐकावं, खोदून विचारू नये.

रवांडात 2008 पासून प्लास्टिकच्या पातळ पिशव्यांवर बंदी आहे, तेव्हा गुंडाळायला कापड आणि जाड कागद न्या. फळी आडवी ठेवून कण्यांच्या दऱ्यांत मऊ कापडाची घडी बसवा, वरून पुठ्ठा, मग दोरी. फुग्यांचं प्लास्टिकचं वेष्टण (बबल रॅप) थेट कण्यावर ठेवू नका, आत ओल धरते. ऑस्ट्रेलिया आणि न्यूझीलंडमध्ये राहणाऱ्यांनी आधी तिथल्या जैवसुरक्षा खात्याला विचारावं. शेणाच्या वस्तूंबाबत तिथे फार कडक नियम आहेत आणि न सांगता नेल्यास दंड होतो.

सांभाळणं

फळी बाहेरच्या भिंतीवर, न्हाणीघराजवळ किंवा पावसाळ्यात ओल धरणाऱ्या भिंतीवर टांगू नका. मागे दोन कोपऱ्यांत बुचाचे तुकडे लावले की भिंत आणि फळी यांत हवा खेळते. ओल्या फडक्याने पुसायचं नाही, मऊ कोरडा ब्रश फिरवायचा. व्हार्निशचा मोह होतो, पण त्याने पांढरा पिवळट पडतो आणि गेरू काळपट होतो. बारीक गोल भोकं आणि खाली पिठासारखी भुकटी दिसली तर कीड लाकडात आहे, शेणात नव्हे. फळी वेगळी काढा, मागच्या बाजूने वाळवीचं औषध भोकांत सोडा आणि पंधरा दिवस इतर लाकडी सामानापासून लांब ठेवा. कण्याचा टवका उडाला तर तुकडा जपून ठेवा. मागे डिंकाचं दाट पाणी लावून तो जागच्या जागी बसतो, आणि भोवतीची फट नव्या शेणाने भरून तिथेच रंग दिला की जोड दिसत नाही.